सही मागण्याआधी परतीचं लिहून दे

प्रिय पुता,

तुझा तो लांबलचक व्हॉइस मेसेज दोनदा ऐकला. बोटीवरनं उतरून पंधरा दिवस झाले, मे महिन्याच्या सुट्टीत लेकीला आत्याकडे इंग्लंडात, स्विंडनला न्यायचंय, तिची आई एनओसीवर, म्हणजे ना-हरकत पत्रावर, सही करत नाही, म्हणून तू कोर्टात अर्ज टाकायचा म्हणतोयस. टाक, तो हक्क आहे तुझा. पण त्याआधी माझं ऐक, कारण मी सही न देणाऱ्या बाजूला बसलेली बाई आहे.

1998 साली माझा मुलगा नऊ वर्षांचा होता, त्याचे बाबा मस्कतला, आणि ते त्याला सुट्टीत महिनाभर तिकडे नेतो म्हणत होते. मी नाही म्हटलं. कारण विचारलं की कधी तिकडचा उन्हाळा, कधी त्याचं गणित, कधी सासूबाईंची तब्येत. खरं कारण एकच होतं, हा गेला आणि परत आलाच नाही तर? ते मी एकदाही तोंडातून काढलं नाही आणि त्यांनीही कधी नीट विचारलं नाही, नुसती वकिलांची पत्रं येत राहिली. जूनमध्ये नव्या वह्यांना कव्हरं घालताना त्याच्या जुन्या दप्तरात अॅटलासमधून फाडलेलं ओमानचं पान सापडलं मला, मस्कतवर पेनाने गोल केलेला. अजून आठवलं की पोटात तुटतं.

म्हणून सांगते, तुझ्या बायकोचं (आता तू तिला काय म्हणतोस माहीत नाही, मी तेच म्हणणार) भांडण स्विंडनशी नाहीये, परतीशी आहे. आणि तिची भीती उगाच नाही. तुझे बाबा 1961 च्या आधीचे, म्हणजे गोव्यात पोर्तुगीज राज्य असतानाचा जन्म, तुझ्या बहिणीने लिस्बनला जन्म नोंदवून पोर्तुगीज पासपोर्ट केला आणि त्यावर इंग्लंड गाठलं, गेल्या वर्षी तूही तेच कागद गोळा करत होतास. गोव्यात या कागदांचा अर्थ घराघरात ठाऊक आहे, लोक जातात ते जातातच. उद्या लेकीचाही जन्म तिकडे नोंदवला तर काय, आपल्याकडे दुहेरी नागरिकत्व नाही, हा हिशोब ती रोज रात्री करत असणार.

त्यात कायद्याची बाजू बघ. मुलांना एका देशातून दुसऱ्या देशात पळवून नेलं तर लवकर परत पाठवण्यासाठी 1980 चा हेग करार आहे, ब्रिटन त्यात आहे, पोर्तुगालही आहे, भारत नाही. म्हणजे तू लेकीला तिकडेच ठेवलंस तर तिच्या आईला त्या कराराचा रस्ताच नाही, तिकडच्या कोर्टात पाउंड मोजून वकील लावायचा. तू म्हणशील मी तसा नाही. मला माहितीये रे, पण कागदाला माहीत नाही. 2020 साली सुप्रीम कोर्टाने एका मुलाचा ताबा केनियातल्या वडिलांना दिला, तिथल्या कोर्टाची मिरर ऑर्डर, म्हणजे इथल्या आदेशासारखाच तिकडचा आदेश, आणायला लावली, वर एक कोटी रुपये भरायला लावले, आणि एवढं करूनही वडिलांनी शब्द पाळला नाही म्हणून 2021 मध्ये तोच आदेश मागे घ्यावा लागला. तिच्या वकिलाने हे तिला सांगितलं असणारच.

तर तू जायचं मागू नकोस, आधी यायचं लिहून दे. परतीच्या तिकिटाची तारीख, बहिणीचा पत्ता आणि नंबर, शाळा उघडण्याच्या किती दिवस आधी पोचणार, आल्यावर दोन दिवसांत पासपोर्ट आईच्या हातात, रोज आपल्या रात्री आठला व्हिडिओ कॉल, आणि सगळ्यात महत्त्वाचं, तिच्या लेखी परवानगीशिवाय लेकीचा जन्म लिस्बनला नोंदवणार नाही. हे शेवटचं वाक्य तू स्वतःहून लिही, तिने मागायची वाट बघू नको. आणि नुसत्या नोटरीवर थांबू नका, दोघांनी मिळून कोर्टात द्या म्हणजे आदेशात येईल. मिरर ऑर्डर हवी म्हणाली तर हो म्हण, खर्च तुझा. महाग पडेल, पण तू मागतोयस ते तिच्यासाठी त्याहून महाग आहे.

लेकीच्या पासपोर्टची तारीख बघितलीस का? लहान मुलांचा पाचच वर्षांचा असतो. नवा करायचा तर अॅनेक्शर डी या पासपोर्टच्या फॉर्मवर आईबाप दोघांच्या सह्या. एकाने सही दिली नाही तर अॅनेक्शर सी असतं, कोणीतरी तुला ते सुचवणारच, पण ते खरोखर अडलेल्या माणसासाठी आहे, आईला न सांगता काम उरकायला नाही. तसं केलंस तर पुढची दहा वर्षं ती तुला एक शनिवारही सुखाने देणार नाही.

शनिवारावरून आठवलं. तुमच्या कन्सेंट टर्म्समध्ये, म्हणजे दोघांनी मान्य केलेल्या अटींत, लेकीला भेटायला एकाआड एक शनिवार लिहिलंय आणि तू आठ महिने समुद्रात! हे कोणी लिहिलं आणि तू सही कशी केलीस मला कळत नाही. ते बदलून घे, साइन ऑफ होऊन बोटीवरनं उतरल्यावर सलग दिवस माग आणि बोटीवर असताना कॉलची ठरलेली वेळ. ज्या पालकाकडे ताबा नाही त्याला मुलाशी रोज पाच-दहा मिनिटं बोलता आलं पाहिजे असं सुप्रीम कोर्टाने जानेवारी 2020 मध्ये म्हटलंय, वकिलाला सांग, त्याला निकाल सापडेल. माझं विचारशील तर स्विंडनपेक्षा आधी हे कर. चवथ, आपली गणेश चतुर्थी, मात्र या देवघेवीत आणू नको, गणपतीवरच्या माटोळीला फळं बांधताना लेकीला आज्याच्या खांद्यावर बसायचं असतं, ते तिचं आहे, तुमच्या दोघांचं नाही.

आणि लेकीला अजून काही सांगितलं नसशील तर सांगू नको. विमानाचे फोटो नको, बॅग नको. सांगून बसला असशील तर "आई नाही म्हणते" हे तीन शब्द तुझ्या तोंडून तिच्या कानावर जाता कामा नयेत, "आम्ही दोघं ठरवतोय" एवढंच म्हण.

शुक्रवारी मी म्हापशाला बाजाराला येते, साडेदहापर्यंत माझं आटोपतं. कन्सेंट टर्म्सची झेरॉक्स आण, लेकीच्या पासपोर्टची पण. तिच्या आईला पाठवायचा मेसेज कागदावर लिहून आण, पाठवू नको अजून. मी आधी वाचते.

तुझी
मावशी