चित्रं येत नाहीत, तरी अ‍ॅनिमेशन?

प्रश्न : ताई, मी सांगलीची, बी.कॉम. झालेय. अ‍ॅनिमेशनचं वेड आहे, पण मी मांजर काढलं की त्याचा ससा होतो. मैत्रीण म्हणते, प्रोड्यूसर हो. स्वतंत्र अ‍ॅनिमेशन फिल्ममध्ये प्रोड्यूसर नेमकं काय करतो? आणि पगाराचं आईला काय सांगू?

उत्तर : माझं मांजर तर ससाही होत नाही. मला हिशेब येतो, त्यावर आजवर निभावलं.

हाताने काढलेली दहा मिनिटांची फिल्म घे. सेकंदाला 24 फ्रेम. एक चित्र दोन फ्रेम टिकवलं तरी सेकंदाला 12, म्हणजे 7,200 चित्रं. आमचा अ‍ॅनिमेटर आठवड्याला दहा सेकंद द्यायचा. एकट्याला 60 आठवडे. रंग, पार्श्वभूमी, आवाज वेगळेच. हे दिग्दर्शकाला पहिल्याच दिवशी सांगायचं, तोंड वाकडं झालं तरी.

आता माझी चूक ऐक. एका फिल्ममध्ये ढोलकीवाल्याचा 22 सेकंदांचा प्रसंग होता. अ‍ॅनिमॅटिकला, म्हणजे स्टोरीबोर्डची चित्रं आवाजासकट लावलेल्या कच्च्या व्हिडिओला, आम्ही तात्पुरतं एक जुनं गाणं जोडलं. त्याच्या ठेक्यावर हात हलवले, 264 चित्रं झाली, आणि मग मी हक्कांची चौकशी केली. सांगितलेल्या रकमेत आमची आणखी एक फिल्म झाली असती. नवं संगीत आलं ते वेगळ्या लयीत. थाप एकीकडे, हात दुसरीकडे. सगळं पुन्हा काढलं आणि त्या महिन्याचं भाडं थकलं. अ‍ॅनिमॅटिकमध्ये बदल एका दुपारचा असतो, नंतर तोच महिन्याचा होतो. त्यामुळे अ‍ॅनिमॅटिक पक्का होईपर्यंत भांडायचं आणि पक्का झाल्यावर कुणालाही हात लावू द्यायचा नाही. दिग्दर्शकाला तर मुळीच नाही.

पैसा एका खिशातून क्वचितच येतो. 2025 साली ऑस्कर मिळालेली ‘फ्लो’ लॅटव्हिया, फ्रान्स आणि बेल्जियम अशा तीन देशांनी मिळून केली, तीही ब्लेंडर या फुकट सॉफ्टवेअरवर. असे भागीदार शोधायला लोक जूनमध्ये फ्रान्समधल्या आनसीला जातात. तिथे महोत्सवाबरोबर बाजारही भरतो. ती पुढची गोष्ट. आधी एखाद्या स्टुडिओत प्रोडक्शन को-ऑर्डिनेटर हो. कोणता शॉट कुणाकडे अडकलाय, हे दिवसभर विचारत फिरायचं. कंटाळवाणं असतं, पण धंदा तिथेच कळतो. शिवाय पवईच्या आयआयटीतल्या आयडीसीत किंवा अहमदाबादच्या एनआयडीत, म्हणजे डिझाइन शिकवणाऱ्या संस्थांत, डिप्लोमा फिल्म करणाऱ्या एखाद्या मुलाला गाठ. त्याच्याकडे शॉटची यादी नसली, तर तू करून दे.

राहिली आई. पहिली काही वर्षं पगार स्टुडिओचा आणि स्वतःची फिल्म रविवारची, असं सरळ सांग. ‘प्रोड्यूसर’ शब्द मात्र जपून वापर. मी वापरला, तर शेजारच्या काकू मुलाला घेऊन आल्या, हिरोचा रोल मागायला.