कोतवाल बुकातली ओळ आणि फिजीची जहाजं

प्रश्न : गुरुजी, वाचनालयातल्या एका जुन्या अंकात बृज लाल या इतिहासकाराबद्दल वाचलं. प्रशांत महासागरातली बेटं, तिथे गेलेली जहाजं हा त्यांचा विषय. आमच्या गावात समुद्र पाहिलेलं माणूस सापडायचं नाही. मी हे वाचायला घेतलं तर सुरुवात कुठून करू?
– बी.ए.ची विद्यार्थिनी, ता. दारव्हा

उत्तर : पोरी, सुरुवात कोतवाल बुकापासून, म्हणजे गावच्या जन्म-मृत्यूच्या जुन्या नोंदवहीपासून कर. जात पडताळणीच्या निमित्तानं तुझ्याही घरच्यांनी ते धुंडाळलं असेल. मी आजोबांची नोंद शोधत होतो, तर त्यांच्या बहिणीची सापडली. वय दोन वर्षं, कारण ‘ताप’. आजोबांना बहीण होती हेच आमच्या घरात कोणाला ठाऊक नव्हतं. त्या दिवशी मला जेवण गेलं नाही.

बृज लाल असेच कागद वाचत बसले. १८७९ ते १९१६ या काळात सुमारे ६० हजार माणसं हिंदुस्थानातून फिजीच्या उसाच्या मळ्यांवर गेली. करार पाच वर्षांचा. ‘ॲग्रीमेंट’चं झालं गिरमिट आणि माणसं झाली गिरमिटिया. लाल यांचे आजोबा त्यांतलेच, बहराइचकडचे. नातू १९५२ साली फिजीत ताबिया गावी जन्मला. कलकत्त्याहून निघणाऱ्या प्रत्येकाचा एक परवाना असे. नाव, बापाचं नाव, वय, जात, गाव, ठाणं, उंची, अंगावरची खूण. असे ४५ हजारांवर परवाने त्यांनी तपासले.

तोवर सगळे धरून चालत की भोळ्या खेडुतांना दलालांनी घरातून फसवून नेलं. फसवणूक झालीच. पण पुष्कळांची नोंदणी स्वतःच्या जिल्ह्याबाहेर झालेली दिसली, म्हणजे पोटासाठी त्यांनी गाव आधीच सोडलं होतं. हे तुला मी वेगळं समजावायला नको. दिवाळी झाली की पुसदकडच्या तांड्यांवरून ऊसतोडीच्या गाड्या निघतात. मुकादमाची उचल घेतलेली असते, पोरंबाळं, भांडीकुंडी सोबत. त्यांना नुसतं ‘बिचारे’ म्हटलं की त्यांनी केलेला हिशोब आपल्याला दिसेनासा होतो. लाल यांनी तो हिशोब पाहिला, म्हणून मला ते मोठे वाटतात.

‘सीरिया’ जहाजावरचा त्यांचा लेख मिळाला तर आधी तो वाच. मार्च १८८४ मध्ये सुमारे ५०० माणसं घेऊन ते कलकत्त्याहून निघालं. ११ मेच्या रात्री, फिजीचा किनारा अगदी जवळ आलेला असताना, नासिलाईच्या प्रवाळ खडकावर आदळलं. ५९ जीव गेले. डॉक्टर विल्यम मॅकग्रेगर होड्या घेऊन पोचले आणि त्यांनी लाटांतून माणसं ओढून काढली.

मग ‘गिरमिटियाज’ हे १९८३ चं पुस्तक घे. इंग्रजी आहे, तक्ते पुष्कळ आहेत. शब्दकोश जवळ ठेव, घाई करू नको. आणि मधल्या काळात तुझ्या गावचं कोतवाल बुक एकदा बघून ये. काय सापडलं ते मला लिही.