टीएसएच जास्त आणि थायरॉइड मात्र ‘कमी’, हे कसं? आणि दोन आठवडे गोळी घेऊनही टीएसएच नॉर्मल का होत नाही?

तुमचा टीएसएच ११.२, फ्री टी४ (थायरॉइडच्या टी४ हार्मोनचा रक्तातला मोकळा भाग) जरा कमी, म्हणून ५० मायक्रोग्रॅमची थायरॉइडची गोळी, म्हणजे टी४ च, सुरू झाली. चौदा दिवसांनी तुम्ही स्वतःहून तपासणी केली तर टीएसएच ७.८. गोळी लागू पडत नाही का, डोस वाढवू का, असं तुम्ही विचारलंय. गोळी लागू पडतेय. डोस स्वतःच्या मनाने वाढवू नका.

टीएसएच हा थायरॉइडचा हार्मोन नाहीच. तो मेंदूच्या तळाशी असलेल्या पिट्युटरी ग्रंथीतून येतो आणि गळ्यातल्या थायरॉइडला कामाला लावतो. थायरॉइड मुख्यतः टी४ बनवते, टी३ थोडाच. शरीरात खरं काम करतो तो टी३. त्यातला बराचसा यकृत, मूत्रपिंड, स्नायू अशा ठिकाणी टी४ पासून तयार होतो.

आता पिट्युटरीच्या पेशीत काय चालतं ते बघा. रक्तातला टी४ आत शिरतो. तिथलं एक एन्झाइम त्याच्या चार आयोडीन अणूंपैकी एक काढून टाकतं, की झाला टी३. हा टी३ पेशीच्या केंद्रकात जाऊन टीएसएच बनवणाऱ्या जनुकाला आवर घालतो. वर हायपोथॅलॅमस या मेंदूच्या भागातून येणारा, पिट्युटरीला टीएसएच सोडायला लावणारा टीआरएच हा हार्मोनही असाच दबतो. हाच निगेटिव्ह फीडबॅक. टी४ कमी पडला की हा आवर सुटतो आणि टीएसएच चढतो. म्हणून तुमचा चढलेला आकडा म्हणजे पिट्युटरीने थायरॉइडमागे लावलेला तगादा आहे.

पिट्युटरी विलक्षण संवेदनशील आहे. फ्री टी४ निम्म्यावर आला तर टीएसएच साधारण शंभरपट वाढू शकतो. त्यामुळे टी४ अजून लॅबच्या रेंजमध्ये असतानाच कित्येकांचा टीएसएच ६-७ दिसतो. याला सबक्लिनिकल हायपोथायरॉइडिझम म्हणतात.

मग दोन आठवड्यांत टीएसएच पूर्ण खाली का येत नाही? टी४ चं अर्धायुष्य, म्हणजे रक्तातलं त्याचं प्रमाण निम्मं व्हायला लागणारा वेळ, सुमारे ७ दिवस आहे. रोज तीच गोळी घेतली तर पहिल्या आठवड्यात अपेक्षित पातळीच्या निम्मी मजल होते, दुसऱ्या आठवड्याअखेर पाऊण, आणि पूर्ण स्थिर व्हायला ५-६ आठवडे जातात. थायरॉइड कमी असताना हे अर्धायुष्य ९-१० दिवसांपर्यंत लांबतं, म्हणजे आणखी उशीर. त्यानंतर पिट्युटरीलाही सावरायला वेळ लागतो. म्हणून तपासणी ६ ते ८ आठवड्यांनी करायची. घाईने ७५, मग १०० केले तर दोन महिन्यांनी सगळे डोस एकदम अंगावर येतात: छातीत धडधड, हात थरथरणं, झोप उडणं, आणि टीएसएच ०.१ च्याही खाली.

आणखी एक घोटाळा फार होतो. महिनाभर गोळ्या चुकवायच्या आणि तपासणीआधी चार दिवस नेमाने घ्यायच्या. मग फ्री टी४ छान दिसतो, टीएसएच मात्र चढलेलाच, कारण तो मागच्या काही आठवड्यांचा हिशेब सांगतो. गोळी उपाशीपोटी नुसत्या पाण्याबरोबर घ्या, चहा-नाश्ता अर्ध्या ते एक तासाने. कॅल्शियम किंवा लोहाच्या गोळीत ४ तासांचं अंतर ठेवा, नाहीतर थायरॉइडची गोळी नीट शोषलीच जात नाही. तपासणीच्या दिवशी आधी रक्त द्या, मग गोळी घ्या.

केसांसाठी बायोटिन घेत असाल तर निदान दोन दिवस आधी बंद ठेवा. डोस मोठा असेल तर किती दिवस ते डॉक्टरांना विचारा. काही लॅबच्या पद्धतीत बायोटिनमुळे टीएसएच खोटा कमी आणि टी४ खोटा जास्त येतो.

नुसत्या टीएसएचवर विसंबणं मला पटत नाही, कारण ही साखळी मधेच तुटू शकते. ग्रेव्ह्ज या थायरॉइड अति काम करण्याच्या आजारात शरीराच्याच अँटिबॉडीज थेट थायरॉइडला चेतवतात. टीएसएच जवळजवळ शून्यावर जातो तरी ग्रंथी थांबत नाही. उलट बाळंतपणात अतिरक्तस्राव होऊन पिट्युटरीच दुखावली, तर टी४ घसरूनही टीएसएच ‘नॉर्मल’ दिसू शकतो. म्हणून पुढच्या वेळी फ्री टी४ सोबत करा, शक्यतो त्याच लॅबमध्ये.

सहा आठवडे थांबायच्या नियमाला एक महत्त्वाचा अपवाद आहे. गोळी चालू असताना दिवस राहिले तर त्याच आठवड्यात डॉक्टरांना कळवायचं. सुरुवातीच्या महिन्यांत बाळ आईच्याच टी४ वर अवलंबून असतं, त्यामुळे डोस बहुतेकदा लगेच वाढवावा लागतो आणि तपासणी दर ४ आठवड्यांनी होते.