रीमा लागू आणि पडद्यावरची आई

रीमा लागूंसारखी कसदार अभिनेत्री हिंदी चित्रपटांत आईच्याच भूमिकांत का अडकली आणि त्यामुळे तिच्या कारकिर्दीचे नुकसान झाले का, असे आपण विचारले आहे.

का अडकल्या, याचे उत्तर अगदी व्यवहारी आहे. एखादा चेहरा एका भूमिकेत चालला की निर्माते पुन्हा तीच भूमिका घेऊन दाराशी येतात. १९८८च्या ‘कयामत से कयामत तक’मध्ये त्या जुही चावलाची आई झाल्या, पुढच्याच वर्षी ‘मैंने प्यार किया’मध्ये सलमान खानची, आणि मग ही रांग थांबलीच नाही. त्यांचा जन्म १९५८चा आणि सलमानचा १९६५चा, हे लक्षात घेतले म्हणजे या निवडीतला विचित्रपणा कळतो. मात्र त्यांनी केस पांढरे करून, कंबर वाकवून म्हातारपणाचे सोंग आणले नाही. निरुपा रॉय यांच्या सोशिक, रडवेल्या आईनंतर ही हसरी, मुलाची थट्टा करणारी आई प्रेक्षकांना नवी वाटली.

नुकसान झाले असे मात्र मी सरसकट म्हणणार नाही. ‘वास्तव’ (१९९९) पाहा. संजय दत्त त्यांच्यापेक्षा जेमतेम वर्षभराने लहान. तरीही गळ्यातली पन्नास तोळ्यांची साखळी आईला दाखवणारा संजयचा गुंड रघू आणि त्याच्याकडे पाहणारी ती, यांच्या नात्याबद्दल आपल्याला क्षणभरही शंका येत नाही. शेवटी स्वतःच्या मुलावर गोळी झाडण्याची वेळ तिच्यावर येते, तेव्हा मुंबईतल्या साध्या गृहिणीचा तोल कुठेही नाटकीपणाकडे झुकत नाही. हा संयम रंगभूमीवरचा आहे. आई मंदाकिनी भडभडे नाटकांतून काम करणाऱ्या, आणि स्वतः रीमाताईंनी ‘पुरुष’ नाटकात नाना पाटेकरांसमोर उभी केलेली अंबिका ही अत्याचारानंतर गप्प न बसणारी शिक्षिका होती. ज्यांनी त्यांना फक्त हिंदी पडद्यावर पाहिले, त्यांना ही अंबिका ठाऊकच नसते. नुकसान झालेच असेल तर ते अशा प्रेक्षकांचे.

चित्रपटांनी जे दिले नाही ते दूरचित्रवाणीने दिले. ‘श्रीमान श्रीमती’तली कोकिळा आणि सचिन पिळगांवकर दिग्दर्शित ‘तू तू मैं मैं’मधली सासू देवकी या दोन भूमिकांत त्यांचे विनोदाचे अंग मोकळेपणाने दिसले. सुप्रिया पिळगांवकरांच्या सुनेशी तिची जुंपायची तेव्हा आमच्या घरी आई आणि आजी दोघी एकाच सतरंजीवर बसून हसायच्या, आणि कोण कोणाच्या बाजूने हसते आहे हे मला कधीच कळले नाही.

१८ मे २०१७ रोजी त्या गेल्या. आदल्या दिवसापर्यंत त्या ‘नामकरण’ मालिकेचे चित्रीकरण करत होत्या, आणि त्यातली त्यांची दयावंती मेहता ही प्रेमळ आई नव्हती, करारी, कारस्थानी खलनायिका होती.