अमेरिकेच्या मध्यावधी निवडणुकीत राज्यांच्या विधिमंडळांना काही महत्त्व असतं का?

प्रश्न असा आहे : अमेरिकेतल्या मध्यावधी निवडणुकीच्या बातम्यांत फक्त काँग्रेस (अमेरिकेची संसद) आणि राष्ट्राध्यक्ष दिसतात. त्याच दिवशी राज्यांच्या विधिमंडळांसाठीही मतदान होतं म्हणे. सरकार पडलेलं नसताना ही निवडणूक कशासाठी? तिला महत्त्व आहे का? माझी भाची मिशिगनला असते, ती म्हणते त्या नावांकडे कुणी बघतही नाही.

उत्तर :

तुमच्या भाचीचं म्हणणं खरं आहे, आणि तेच मला खटकतं. मी डेट्रॉइटच्या उपनगरात राहतो, नागरिकत्व मिळाल्यापासून इथेच मतदान करतो. आमच्याकडची मराठी मंडळी गव्हर्नर कोण होणार यावर तासन्‌तास बोलतात. आपल्या भागाचा आमदार कोण, असं विचारलं की विषय संपतो. गेल्या काही वर्षांत मिशिगनमध्ये जे बदललं, त्यातलं बरंचसं याच आमदारांच्या हातून बदललं.

आधी तुमची शंका. इथे सरकार पडत नाही. गव्हर्नर आपल्या मुख्यमंत्र्यासारखा आमदारांच्या पाठिंब्यावर उभा नसतो, त्याला लोक थेट निवडतात. विधिमंडळाची मुदतही ठरलेली. अविश्वास ठराव नाही, बरखास्ती नाही, राष्ट्रपती राजवट नाही. राष्ट्राध्यक्षाच्या चार वर्षांच्या मुदतीच्या मध्यावर जो नोव्हेंबर येतो, त्यातली ही मध्यावधी. ५० पैकी ४६ राज्यांत त्या वर्षी विधिमंडळाचं मतदान असतं. लुईझियाना, मिसिसिपी, न्यू जर्सी आणि व्हर्जिनिया ही चार राज्यं तेवढी विषम सालात उरकतात. २०२२ मध्ये देशभरात अशा सहा हजारांहून जास्त जागा होत्या.

नेब्रास्का सोडलं तर सगळीकडे दोन सभागृहं आहेत, आणि आपल्या विधान परिषदेसारखं नाही, वरच्या सभागृहालाही लोकच थेट निवडून देतात. आकार मात्र कसेही. न्यू हॅम्पशायरची लोकसंख्या १४ लाखांच्या आसपास आणि खालच्या सभागृहात आमदार ४००. म्हणजे साडेतीन हजार माणसांमागे एक, आणि त्याचं मानधन वर्षाला १०० डॉलर. आमच्या मिशिगनमध्ये हाउसच्या, म्हणजे खालच्या सभागृहाच्या, ११० जागा, मुदत दोन वर्षं. सिनेटच्या, म्हणजे वरच्या सभागृहाच्या, ३८, मुदत चार वर्षं. आणि या ३८ च्या ३८ जागा नेहमी मध्यावधीच्याच वर्षी भरतात, राष्ट्राध्यक्षाच्या निवडणुकीबरोबर कधीच नाही. मध्यावधीला घरी बसलेल्या माणसानं राज्याच्या सिनेटसाठी कधी मतच दिलेलं नसतं.

आता मतपत्रिका डोळ्यांसमोर आणा. लांबलचक जाड कागद, दोन्ही बाजूंनी छापलेला. नावापुढचा लंबगोल पेनानं पूर्ण भरायचा. सगळ्यात वर एक सोय असते : एकच गोल भरला की त्या पक्षाच्या सगळ्या उमेदवारांना मत. त्याखाली गव्हर्नर, सेक्रेटरी ऑफ स्टेट (राज्याच्या निवडणुकांचं काम बघणारा), अॅटर्नी जनरल, मग वॉशिंग्टनला जाणारा काँग्रेसचा सदस्य, आणि मग कुठे राज्याची सिनेट आणि हाउस. त्यापुढे शिक्षण मंडळ, विद्यापीठांची मंडळं (हो, युनिव्हर्सिटी ऑफ मिशिगनचे रीजेंटसुद्धा लोक निवडतात), काउंटी, न्यायाधीश, शेवटी जनमताचे प्रस्ताव. बरेच जण वरचा एक गोल भरून कागद मशीनमध्ये सरकवतात आणि बाहेर पडतात.

महत्त्वाचा मुद्दा मतदारसंघांच्या नकाशाचा आहे. भारतात मतदारसंघांची पुनर्रचना परिसीमन आयोग करतो, प्रमुखपदी सर्वोच्च न्यायालयाचे आजी किंवा माजी न्यायाधीश असतात. अमेरिकेत बहुतेक राज्यांत हे काम विधिमंडळच करतं. दर दहा वर्षांनी जनगणना झाली की आमदार स्वतःचे मतदारसंघ स्वतःच आखतात, वर काँग्रेसचेही आखतात. २०१० ची मध्यावधी नेमकी जनगणनेच्या वर्षी आली. ओबामांवर नाराज मतदारांनी रिपब्लिकनांना राज्याराज्यांत मिळून पावणेसातशेच्या आसपास जागा जास्त दिल्या, आणि पुढच्याच वर्षी नकाशे आखायची वेळ आली. मिशिगनमध्येही तेच झालं. त्याचं फळ २०१८ मध्ये दिसलं : राज्यभरात डेमोक्रॅट उमेदवारांना मतं जास्त पडली, पण हाउसमध्ये जागा ५२ च मिळाल्या, रिपब्लिकनांना ५८. सिनेटमध्ये २२ विरुद्ध १६. जिथे डेमोक्रॅट सत्तेत असतात तिथे तेही हेच करतात, इलिनॉयचा नकाशा बघा. मला राग पक्षाचा नाही. ज्यानं निवडून यायचं त्यानंच आपले मतदार निवडावेत, याचा आहे.

आणि इथेच मिशिगनची गोष्ट सांगावीशी वाटते. २०१६ च्या निकालानंतर केटी फेही या तरुणीनं फेसबुकवर लिहिलं की ही गेरीमँडरिंगची (पक्षाच्या सोयीनं मतदारसंघ आखायची) भानगड मिटवायची आहे, कोण येतंय सोबत? राजकारणाशी संबंध नसलेली माणसं जमली, क्लिपबोर्ड घेऊन जत्रांमध्ये आणि रस्त्यांवर उभी राहिली आणि चार लाखांहून जास्त सह्या गोळा झाल्या. २०१८ च्या मध्यावधीत त्याच मतपत्रिकेच्या मागच्या बाजूला तो प्रस्ताव आला आणि ६१ टक्के मतांनी मंजूर झाला. आता नकाशा १३ सामान्य नागरिकांचा आयोग आखतो : ४ डेमोक्रॅट, ४ रिपब्लिकन, ५ कुठल्याच पक्षाचे नसलेले. अर्जांतून सोडत काढून त्यांची निवड होते.

त्या नकाशावरची पहिली निवडणूक २०२२ ची. राष्ट्राध्यक्ष बायडेन डेमोक्रॅट, महागाई भडकलेली, आणि मध्यावधीत राष्ट्राध्यक्षाच्या पक्षाला राज्यांत फटका बसतोच, हा जवळपास शंभर वर्षांचा शिरस्ता. तरीही डेमोक्रॅटांनी हाउस ५६–५४ आणि सिनेट २०–१८ असं जिंकलं. सिनेट त्यांच्या हाती १९८४ नंतर पहिल्यांदा आली. देशभरातही त्यांनी एकही सभागृह गमावलं नाही, राष्ट्राध्यक्षाच्या पक्षाला हे १९३४ नंतर पहिल्यांदा जमलं. नकाशा हे एकमेव कारण नव्हतं. गर्भपाताच्या हक्काचा प्रस्तावही त्याच मतपत्रिकेवर होता, त्यानं लोक मोठ्या संख्येनं बाहेर काढले.

काही महिन्यांत विधिमंडळानं गर्भपाताला गुन्हा ठरवणारा १९३१ चा कायदा रद्द केला. कामगार संघटनांचं बळ कमी करणारा २०१२ चा ‘राइट टू वर्क’ कायदाही काढून टाकला. मी गाड्यांच्या उद्योगात आहे. या कायद्याचा अर्थ इथल्या कारखान्यांत काय होतो हे मी जवळून पाहिलंय. हे सगळं हाउसमध्ये दोन जागांच्या आघाडीवर झालं. तुम्हाला हे बदल आवडोत न आवडोत, ते राज्याची राजधानी लॅन्सिंगमधल्या आमदारांनी केले, वॉशिंग्टननं नाही.

आयोगाचं सगळं बरोबर झालं असं नाही. डेट्रॉइट भागातले १३ मतदारसंघ प्रामुख्यानं वंशाच्या आधारे आखले, असा निकाल २०२३ च्या डिसेंबरात फेडरल न्यायालयानं दिला. शहरातल्या कृष्णवर्णीय मतदारांचे पट्टे उपनगरांत लांबवर ओढून पातळ केले होते, ही तक्रार रास्तच होती. हाउसचे तिथले मतदारसंघ २०२४ आधी पुन्हा आखले गेले. त्या वर्षी हाउस परत रिपब्लिकनांकडे गेलं, ५८–५२. माझ्या मते नकाशा निकोप असल्याची खूण हीच, की सत्ता इकडून तिकडे जाऊ शकते.

एका मतानं काय होतं असं भाची म्हणाली, तर तिला अलास्काचं सांगा. २०१८ मध्ये फेअरबँक्सची एक जागा २,६६३ विरुद्ध २,६६२ अशी सुटली. प्रकरण राज्याच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं आणि निकाल कायम राहिला.

आपली माणसंही याच पायरीवरून वर चढतात. डेट्रॉइटजवळच्या ट्रॉयच्या पद्मा कुप्पा २०१८ च्या मध्यावधीत हाउसमध्ये निवडून आल्या, २०२२ मध्ये सिनेटला थोडक्यात पडल्या. बेळगावात वाढलेले श्री ठाणेदार २०१८ मध्ये गव्हर्नरपदाच्या प्राथमिक फेरीत (पक्षाचा उमेदवार ठरवणाऱ्या मतदानात) हरले, २०२० मध्ये डेट्रॉइटमधून राज्याच्या हाउसमध्ये गेले आणि २०२२ मध्ये थेट काँग्रेसमध्ये.

२०२६ हेही मध्यावधीचं वर्ष. ३ नोव्हेंबरला मिशिगनमध्ये गव्हर्नर नवा निवडायचा आहे, गव्हर्नर व्हिटमर यांच्या दोन मुदती पूर्ण होताहेत. सोबत सिनेटच्या सगळ्या ३८ आणि हाउसच्या सगळ्या ११० जागा, आणि डेट्रॉइटकडचे सिनेटचे मतदारसंघ दुरुस्त नकाशावर. पण भाचीला ४ ऑगस्टही सांगून ठेवा, त्या दिवशी प्राथमिक फेरी असते. जिथे एकाच पक्षाचं वर्चस्व आहे तिथे खरा सामना तोच, आणि तेव्हा मतदान आणखी कमी होतं. पक्षाची नोंदणी लागत नाही, पण दोनपैकी एकाच पक्षाच्या रकान्यात मत द्यायचं. दोन्हीकडे गोल भरले तर पक्षांच्या उमेदवारांना दिलेली मतं बाद होतात. मतपत्रिकेचा नमुना राज्याच्या सेक्रेटरी ऑफ स्टेटच्या संकेतस्थळावर आधीच बघायला मिळतो. तिनं तो उघडून काँग्रेसच्या खालची दोन नावं आधी वाचावीत.