शाप कुणाला, आणि कूश म्हणजे कोण?

प्रश्न : आमच्या अभ्यासवर्गात सांगण्यात आलं, की नोहाने हामला शाप दिला म्हणून आफ्रिकेतले लोक काळे झाले आणि गुलामगिरी त्यांच्या नशिबी आली. पवित्र शास्त्रात असं खरंच आहे का?
— एक वाचक, ऐरोली

उत्तर : नाही. उत्पत्तीचा नववा अध्याय काढा आणि २० ते २७ ही वचनं एकेका शब्दावर बोट ठेवून वाचा. नोहा द्राक्षारस पिऊन तंबूत उघडा पडतो, हाम ते पाहतो आणि बाहेर येऊन भावांना सांगतो. पण २५व्या वचनात शाप येतो तो कनानला. हामला चार मुलगे होते : कूश, मिस्राईम, पूट आणि कनान (१०:६). कूश म्हणजे इजिप्तच्या दक्षिणेचा, आजच्या उत्तर सुदानकडचा प्रदेश. मिस्राईम म्हणजे इजिप्त, पूट बहुधा लिबिया. आफ्रिकेचे म्हणता येतील असे हे तिघेच, आणि शाप यांच्यापैकी एकालाही नाही. कातडीच्या रंगाबद्दल तर त्या आठ वचनांत चकार शब्द नाही.

घोटाळा कुठे होतो, तेही त्या अध्यायातच दिसतं. ‘कनानचा बाप हाम’ हे शब्द १८व्या आणि २२व्या वचनात असे दोनदा येतात. वाचणाऱ्याच्या डोक्यात हाम बसतो, मग शापही त्याच्याच नावावर चढतो, आणि हामकडून तो अलगद कूशवर सरकवला जातो. १९व्या शतकात अमेरिकेतल्या गुलामांच्या मालकांनी ही सरकवासरकव मुद्दाम केली. तिचाच उष्टा घास आज आपल्याकडे अभ्यासाच्या नावाखाली वाढला जावा, याचं आम्हाला मनापासून वाईट वाटतं.

दहाव्या अध्यायातली वंशावळही रंगावरून लावलेली नाही. विसाव्या वचनात विभागणीच्या चार कसोट्या दिल्या आहेत : कुळं, भाषा, देश, राष्ट्रं. त्याही काटेकोर पाळलेल्या नाहीत. कनानी लोकांची भाषा हिब्रूची सख्खी बहीण. यशया १९:१८ मध्ये हिब्रूलाच ‘कनानची भाषा’ म्हटलंय. तरी कनान गेला हामच्या शाखेत. शबा आणि हवीला ही नावं कूशच्या वंशात येतात (१०:७) आणि हामचा भाऊ शेम याच्या वंशातही (१०:२८-२९). आजच्या इराककडच्या बाबेलचा निम्रोदही कूशचा मुलगा ठरतो. कोण कुणाचा शेजारी, कुणाचा कुणाशी व्यवहार, कोण कुणाच्या सत्तेखाली, याचा हा नकाशा आहे. तो नात्यांच्या भाषेत लिहिला आहे, एवढंच.

ठाण्या-कोकणातल्या वाचकांना हे पटायला फार लांब जायला नको. आपल्याकडच्या बेने इस्रायल या ज्यू समाजात ‘गोरे’ आणि ‘काळे’ अशी विभागणी होती, आणि त्यांच्यात बेटीव्यवहार होत नसे. शब्द रंगाचे, पण भेद होता तो आई समाजातली की समाजाबाहेरची, याचा.

प्रश्न : मोशेची बायको आफ्रिकन होती का? आणि मिर्यामला शिक्षा झाली ती याच कारणाने का?
— एक वाचक, टेंभी नाका, ठाणे

उत्तर : गणना १२:१ मध्ये तिला ‘कूशी’ म्हटलंय, तेही एकाच वचनात दोनदा. पण निर्गममध्ये मोशेची बायको सिप्पोरा, मिद्यानी. या दोघी वेगळ्या की एकच? वेगळ्या मानल्या तर ही स्त्री नाईलकाठची. एकच मानायच्या तर हबक्कूक ३:७ चा आधार घेतात. तिथे ‘कूशान’ आणि मिद्यान जोडीने येतात, म्हणजे ‘कूशी’ हे मिद्यानी लोकांचंच दुसरं नाव असू शकेल. आम्हाला पहिला अर्थ सरळ वाटतो, कारण ‘कूशी’ हा शब्द इतरत्र बहुतेक ठिकाणी नाईलकाठच्या लोकांसाठीच आहे.

मध्ययुगातला ज्यू भाष्यकार राशी तिसरीच वाट धरतो. हिब्रूत प्रत्येक अक्षराला अंकमूल्य असतं. ‘कूशीत’ (कूशी स्त्री) या शब्दाची अक्षरं मांडा : काफ २०, वाव ६, शीन ३००, योद १०, ताव ४००. बेरीज ७३६. आता ‘येफत मार्‌ए’, म्हणजे देखणी : पहिला शब्द ४९०, दुसरा २४६. बेरीज पुन्हा ७३६. राशी म्हणतो, कूशी माणसाचं काळेपण जसं सगळ्यांना मान्य, तसं हिचं सौंदर्य सगळ्यांना मान्य. यावरून तिचा देश ठरत नाही. पण ‘कूशी’ हा शब्द कानावर पडल्यावर त्याला सौंदर्य आठवलं, हे लक्षात ठेवण्यासारखं आहे.

शिक्षेबद्दल जपून बोलावं. मोशेची बहीण मिर्याम आणि भाऊ अहरोन कुरकुर सुरू करतात त्याच्या बायकोवरून, पण लगेच दुसऱ्या वचनात मुद्दा येतो अधिकाराचा : परमेश्वर काय फक्त मोशेशीच बोलला? मिर्यामची त्वचा ‘हिमासारखी’ झाली आणि ती सात दिवस छावणीबाहेर राहिली. ‘पांढरी’ हा शब्द मूळ हिब्रूत नाही, अनेक भाषांतरांनी तो घातला आहे. काळ्या वहिनीला नावं ठेवणारी नणंद पांढरी पडली, हा अर्थ मनाला भिडतो खरा; पण तो आपण लावलेला अर्थ आहे, मूळ मजकूर नव्हे.

प्रश्न : एका भाषांतरात ‘कूश’, दुसऱ्यात ‘इथिओपिया’. कुठलं बरोबर?
— एक वाचक, नेरूळ

उत्तर : ‘कूश’. ग्रीक भाषांतरकारांनी तिथे ‘ऐथिओपिया’ लिहिलं, म्हणजे भाजलेल्या चेहऱ्याच्या लोकांचा देश. तो शब्द पुढे इंग्रजीतून आपल्याकडे आला. आजच्या नकाशावरचा इथिओपिया मात्र तिथून बराच आग्नेयेला आहे. यहेज्केल २९:१० मध्ये इजिप्तची हद्द सवेने, म्हणजे आजचं आस्वान, आणि कूशच्या सीमेपर्यंत सांगितली आहे. आस्वानच्या दक्षिणेला कूश, असं धरून चाला. २ राजे १९:९ मधला तिऱ्हाका हा कूशचा राजा म्हणजे इतिहासातला तहार्का. त्याने इ.स.पू. ६९० ते ६६४ इजिप्तवरही राज्य केलं. त्याचा पिरॅमिड सुदानात नुरी इथे आहे.

शंका आली की स्ट्राँगच्या शब्दसूचीत क्रमांक पाहा; तिथे शास्त्रातल्या प्रत्येक मूळ शब्दाला एक क्रमांक दिलेला असतो. कूश देश ३५६८, कूशी माणूस ३५६९, कूशी स्त्री ३५७१. मग तो क्रमांक जिथे जिथे येतो ती सगळी वचनं काढा. एका वचनावरून मत बनवलं की फसगत होते. ‘हबशी’ हा शब्द वापरू नका. जंजिऱ्यामुळे तो आपल्या तोंडात बसलाय, पण त्याचं मूळ अबिसीनियाचं, म्हणजे आजच्या इथिओपियाकडचं. लव-कुशातला कुश किंवा हिंदुकुश यांचा तर काहीच संबंध नाही. आणि इस्राएलात नातेवाईक असतील त्यांच्यासाठी : आजच्या बोली हिब्रूत ‘कुशी’ ही शिवी आहे. पवित्र शास्त्रात वाचला म्हणून तो शब्द तिथे कुणाला उद्देशून वापरू नका.

प्रश्न : यिर्मया १३:२३ मध्ये कूशी माणसाला कातडी बदलता येईल का, असं विचारलंय. हा अपमान नाही का?
— एक वाचक, कळवा

उत्तर : त्या वचनात झोडपलंय यहूदाच्या लोकांना. कूशी माणसाचा रंग किंवा बिबट्याचे ठिपके जसे बदलत नाहीत, तशी तुमची वाईट सवय सुटत नाही, असं संदेष्टा म्हणतो. रंग इथे पक्केपणाचा दाखला आहे.

तोच ग्रंथ पुढे ३८व्या अध्यायापर्यंत वाचा. सरदारांनी यिर्मयाला कोरड्या हौदात सोडलंय आणि तो चिखलात रुतलाय. यरुशलेमच्या दरबारातला एकच माणूस राजाकडे जाऊन ‘हे वाईट केलं’ असं तोंडावर सांगतो : एबद-मलेख. ३८ आणि ३९ या दोन अध्यायांत मिळून त्याला चार वेळा ‘कूशी’ म्हटलंय, म्हणजे वाचकाने हे विसरू नये असा लिहिणाऱ्याचा आग्रहच आहे. राजा त्याला ३० माणसं देतो. पण हा आधी भांडारात जातो, फाटक्या चिंध्या आणि जुनेर गोळा करतो, दोरांनी खाली सोडतो आणि वरून ओरडून सांगतो, की या काखेत धर, दोर त्यांच्याखालून घे. दोराने काखा सोलवटू नयेत म्हणून.