तन्य म्हणजे काय आणि काय नव्हे

विचारणा अशी आहे. पोलादाविषयीच्या एका मराठी मजकुरात ‘तन्य धातू’ आणि ‘तन्य शक्ती’ हे दोन्ही प्रयोग एकाच पानावर आले आहेत. दोन्हीकडे ‘तन्य’चा अर्थ एकच धरायचा का? ‘लवचिक’ हा सोपा शब्द असताना तन्य कशाला हवा? आणि माणसाच्या स्वभावाला तन्य म्हणता येईल का?

आधी थोडक्यात सांगतो. ‘तन्य धातू’ बरोबर आहे. ‘तन्य शक्ती’ टाळायला हवे, कारण या प्रयोगामुळे वाक्याचा अर्थ पार उलटा होऊ शकतो. लवचिक आणि तन्य हे दोन वेगळे गुण आहेत, एकाच्या जागी दुसरा चालत नाही. स्वभावाचे शेवटी पाहू.

तन्य हा शब्द संस्कृत ‘तन्’ या क्रियावाचक धातूवरून घडवलेला आहे. तन् म्हणजे ताणणे, पसरणे, लांबवणे. त्याचे गोत मराठीत मोठे आहे: ताण, तंतू, तंत्र, गवयाची तान, मागावरचा ताणा, वितान, संतती. मुलगा या अर्थाचा ‘तनय’ही त्यातलाच, कारण तो वंश पुढे वाढवतो. (मुद्रितशोधन करताना तन्यचा तनय झालेला नाही ना, हे मुद्दाम पाहावे.) पण या शब्दात माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचा आहे तो शेवटचा ‘य’. भेद्य म्हणजे भेदता येण्याजोगे, सह्य म्हणजे सोसता येण्याजोगे, लभ्य म्हणजे मिळण्याजोगे. त्याच चालीवर तन्य म्हणजे ताणून लांबवता येण्याजोगे. ज्या वस्तूवर ताणण्याची क्रिया होते तिलाच हे विशेषण लागते. तार तन्य असते, सळई तन्य असते, तांबे तन्य असते. शक्ती ही काही ओढून लांब करायची वस्तू नव्हे, त्यामुळे ‘तन्य शक्ती’ हा प्रयोग व्याकरणाच्या पायरीवरच अडखळतो.

मग तो रूढ कसा झाला? त्याचे मूळ दोन इंग्रजी शब्दांत आहे: डक्टाइल आणि टेन्साइल. डक्टाइल हा लॅटिनमधल्या ‘नेणे, पुढे ओढून नेणे’ या अर्थाच्या क्रियापदावरून आला. डक्ट आणि कंडक्टर हे त्याचेच भाऊबंद. टेन्साइल आला ‘ताणणे’ या अर्थाच्या लॅटिन क्रियापदावरून, आणि ते क्रियापद आपल्या तन् धातूचे थेट नातलग आहे. म्हणजे नात्याने तन्य जवळचा टेन्साइलला, पण परिभाषेत नेमला गेला डक्टाइलसाठी. कानाला टेन्साइल आणि तन्य जुळल्यासारखे वाटतात आणि घाईतला अनुवादक तिथेच फसतो. हिंदीतही टेन्साइल स्ट्रेंग्थसाठी ‘तन्य शक्ति’ छापलेले आढळते, तेच उचलून मराठीत येते. आपल्याकडे ‘ताणबल’ हा स्वच्छ शब्द आहे, तो वापरावा. ओढले असता न तुटता जास्तीत जास्त किती ताण पेलला जातो, ते ताणबल. तुटण्यापूर्वी वस्तू कायमची किती लांबते, ती तन्यता. पहिल्याचे मोजमाप मेगापास्कल या ताणाच्या एककात, दुसऱ्याचे टक्क्यांत.

हा फरक प्रयोगशाळेत अगदी डोळ्यांना दिसतो. ठरावीक मापाचा नमुना यंत्राच्या दोन जबड्यांत धरून ओढतात. सुरुवातीला तो जरासा लांबतो, पण जोर काढला की मूळ लांबीवर येतो. जोर आणखी वाढवला की एक टप्पा असा येतो, की त्यानंतर झालेली लांबी परत जात नाही. तन्यतेचा प्रांत इथून पुढे सुरू होतो. साधे पोलाद असेल तर ते लांबतच राहते, मग एका जागी बारीक होऊ लागते आणि शेवटी त्या बारीक जागी तुटते. गोल नमुन्याच्या तुटलेल्या टोकांपैकी एक पेल्यासारखे खोलगट आणि दुसरे शंकूसारखे निघते. दोन्ही तुकडे जुळवून लांबी मोजायची आणि मूळ लांबीच्या किती टक्के वाढ झाली ते काढायचे. साध्या पोलादात ही वाढ २० टक्क्यांच्या पुढे जाते. बिडाच्या, म्हणजे नेहमीच्या ओतीव लोखंडाच्या नमुन्यात ती १ टक्काही नसते: नमुना बारीक होत नाही, काही कळायच्या आत तुटतो. कारखान्यातली माणसे या आकड्याला ‘इलाँगेशन’ म्हणतात. मराठी लेखात ‘तुटतेवेळची लांबवाढ’ असे सरळ लिहिले तरी भागते.

अर्थ उलटा होतो तो असा. धातूचे बळ वाढवत नेले की बहुतेक वेळा त्याची तन्यता घटते. ताणबल जास्त असलेले पोलाद पुष्कळदा कमी तन्य असते. याचा सगळ्यात बोलका दाखला तन्य बिडाच्या नावांत सापडतो. वितळलेल्या बिडात मॅग्नेशियम मिसळले तर त्यातले ग्राफाइट पापुद्र्यांऐवजी गोळ्यांच्या रूपात साचते आणि बिडाचा ठिसूळपणा पुष्कळ कमी होतो, हे १९४३ मध्ये अमेरिकेत कीथ मिलिस यांच्या प्रयोगांतून पुढे आले. हेच तन्य बीड. पाण्याच्या मोठ्या वाहिन्यांसाठी आज ज्यांना डी. आय. (डक्टाइल आयर्न) पाइप म्हणतात, ते याचेच. त्याच्या प्रतींची नावे ४००/१८, ५००/७, ७००/२ अशी असतात. पहिला आकडा ताणबलाचा, दुसरा लांबवाढीच्या टक्क्यांचा. ४०० वरून ७०० वर गेलो की १८ वरून २ वर येतो. आता ‘या बिडाची तन्य शक्ती जास्त आहे’ या वाक्यावरून वाचकाने ७००/२ समजायचे की ४००/१८? वापरायच्या दृष्टीने या दोन प्रती एकमेकींच्या जागी चालत नाहीत.

इथे विशेषणाच्या वागणुकीची एक गंमतही दिसते. ७००/२ ची लांबवाढ जेमतेम २ टक्के, तरी तिला ‘तन्य बीड’च म्हणतात. इथे तन्य हा शब्द गुण सांगायचा थांबून कुळाचे नाव झाला आहे. अशा ठिकाणी अर्थ शब्दशः घेऊ नये.

बांधकामाच्या सळ्यांतही हाच हिशेब आहे. भारतीय मानकातल्या एफ ई ४१५, ५०० आणि ५५० (एफ ई हे लोखंडाचे चिन्ह, आकडा बळाचा) या प्रतींना २००८ च्या आवृत्तीत किमान लांबवाढ अनुक्रमे १४.५, १२ आणि १० टक्के घातलेली आहे. ५०० या प्रतीपुढे ‘डी’ अक्षर असेल तर बळ तेवढेच ठेवून लांबवाढ १६ टक्के लागते. तो डी जास्त तन्यतेचा.

आता शेजारच्या शब्दांकडे. लवचिक म्हणजे सहज वाकणारे, आणि बोलण्यात तरी वाकून पुन्हा सरळ होणारे. परिभाषेत त्यासाठी ‘स्थितिस्थापक’ आहे: पहिल्या स्थितीत पुन्हा येणारे. रबर कितीतरी पट ताणले जाते, पण सोडले की मूळ लांबीवर येते. म्हणून ताणता येत असूनही रबराला तन्य म्हणत नाहीत. तन्य वस्तू परत येत नाही, हेच तिचे लक्षण. ‘ताणता येण्याजोगे’ हा व्युत्पत्तीचा अर्थ इथे अपुरा पडतो, त्याला ‘कायमचे’ हे क्रियाविशेषण जोडावेच लागते. पॉलिथिनची पातळ पिशवी हळूहळू ओढली की ती लांबते आणि तशीच राहते. ते तन्य वागणे, मग वस्तू धातूची नसली तरी.

वर्धनीय हा शब्द शाळेच्या विज्ञानात तन्यच्या जोडीने शिकवतात. ठोकून किंवा लाटून ज्याचा पत्रा होतो ते वर्धनीय, ओढून ज्याची तार होते ते तन्य. सोन्यात दोन्ही गुण टोकाचे: १ ग्रॅम सोन्याची सुमारे २ किलोमीटर तार निघते. शिसे मात्र ठोकून सहज पसरते, पण त्याची बारीक तार ओढू गेले तर तुटते. दाबून पसरताना अंगात जोर नसला तरी निभावते. ओढताना तार जिथे बारीक झाली तिथेच तिला सगळा भार पेलावा लागतो, आणि तेवढे बळ शिशात नाही.

चिवट हा मला या सगळ्यांत सर्वांत जिवंत शब्द वाटतो, आणि परिभाषेनेही तो उचलला याचा आनंद आहे. चिवट वस्तू तुटेपर्यंत पुष्कळ ऊर्जा पोटात घेते. त्यासाठी बळ हवे आणि तन्यताही हवी. नुसती तन्यता म्हणजे चिवटपणा नव्हे. ‘ठिसूळ’ हा तन्यचा खरा विरुद्धार्थी शब्द आहे, आणि त्याचा अर्थ कमकुवत असा होत नाही. कानस अतिशय कठीण असते, तरी वाकवायला गेले की मोडते. ‘अतन्य’ असा शब्द कुणी लिहितात, पण ठिसूळ असताना त्याची गरज मला दिसत नाही.

मुळात धातू तन्य का असतो? त्याच्या स्फटिकांत अणूंचे थर एकमेकांवरून सरकू शकतात. सगळा थर एकदम सरकत नाही, त्यातले रचनेचे दोष एकेक पाऊल पुढे जातात, आणि म्हणून अपेक्षेपेक्षा फार कमी जोर पुरतो. ही कल्पना १९३४ मध्ये टेलर, ओरोवान आणि पोलान्यी या तीन शास्त्रज्ञांनी स्वतंत्रपणे मांडली. काचेत असे सरकणे नाही, म्हणून ती तडकते.

आणि तन्यता ही पदार्थाला कायमची चिकटलेली गोष्ट नाही, हे लिहिणाऱ्याने विसरू नये. जस्त नेहमीच्या तापमानाला ठिसूळच म्हणावे असे, पण १०० ते १५० अंश सेल्सियसला त्याचे पत्रे लाटता येतात. साधे पोलाद कडक थंडीत ठिसूळ होते. १६ जानेवारी १९४३ रोजी अमेरिकेत पोर्टलंडच्या गोदीत स्केनेक्टडी हे नवे तेलवाहू जहाज शांत पाण्यात उभे असताना दुभंगले. पोलादाचे हे ठिसूळ तुटणे त्यानंतर बारकाईने अभ्यासले गेले. उलट बाजूने टंगस्टन: तो इतका ठिसूळ की त्याची तार निघेना. विल्यम कूलिज यांनी १९१० च्या सुमारास त्याला तन्य करण्याची रीत शोधली आणि दिव्यांत टंगस्टनची तार आली. म्हणून ‘टंगस्टन तन्य आहे’ किंवा ‘नाही’ असे सरसकट लिहिण्यापेक्षा कोणत्या स्थितीत, ते सांगावे.

हे विशेषण पदार्थापुरतेही राहिलेले नाही. इमारतीच्या संदर्भात ‘तन्य बांधणी’ म्हणतात तेव्हा काँक्रीट तन्य आहे असा अर्थ नसतो, ते ठिसूळच असते. पण सळ्यांचे प्रमाण योग्य ठेवले, खांबांना आणि तुळयांना रिंगा जवळ जवळ घातल्या, त्यांची टोके १३५ अंशांत वळवून आत रुतवली, तर भूकंपात ती चौकट एकदम कोसळत नाही. ती वाकते, तडे दाखवते, हादऱ्याची ऊर्जा जिरवते आणि आतल्या माणसांना बाहेर पडायला वेळ मिळतो. अशा तपशिलांसाठी भारतात १३९२० क्रमांकाचे मानक १९९३ मध्ये आले आणि २०१६ मध्ये सुधारले गेले. इथे तन्यता रचनेची आहे. ‘तन्य भंग’ म्हटले की ती तुटण्याच्या रीतीची होते: आधी सूचना देऊन तुटणे. या एका शब्दावर इतके लिहावेसे वाटते ते याच अर्थासाठी.

भूविज्ञानात आणखी एक वापर आहे. पृथ्वीच्या कवचाच्या वरच्या भागातले खडक ठिसूळ, ते फुटतात आणि भूकंप होतात. साधारण १० ते २० किलोमीटर खाली उष्णता आणि दाब इतका, की तेच खडक न फुटता हळूहळू आकार बदलतात. त्याला ‘तन्य विरूपण’ म्हणतात. तिथे तार ओढण्याचा काही संबंध उरत नाही, न तुटता कायमचे बदलणे एवढाच गाभा शिल्लक राहतो.

आता स्वभाव. कुणी परिस्थितीप्रमाणे वाकतो आणि नंतर पुन्हा आपल्या जागी येतो, तर तो लवचिक. कुणी मार खाऊनही टिकतो, तर तो चिवट. दोन्ही शब्द घरचे आहेत आणि वाचकाला लगेच कळतात. तन्य म्हणायचेच असेल, तर ताणाखाली न तुटलेला पण कायमचा बदललेला माणूस डोळ्यांपुढे असावा. तेवढा अर्थ अभिप्रेत असेल तर प्रयोग चुकीचा नाही, पण संदर्भातून तो उलगडून द्यावा लागेल, कारण बहुतेक वाचक तो शब्द पहिल्यांदाच पाहत असतील.

रूपाविषयी एवढेच: तन्य विकारत नाही. तन्य धातू, तन्य तार, तन्य बीड; तन्य धातूला, तन्य तारेचा. भाववाचक नाम तन्यता. मूळ मजकुरातले ‘तन्य शक्ती’चे वाक्य ‘या पोलादाचे ताणबल जास्त आहे’ असे दुरुस्त करावे, आणि लेखकाला खरोखर तन्यताच म्हणायची होती का, हे शेजारचा आकडा मेगापास्कलमध्ये आहे की टक्क्यांत, ते पाहून ठरवावे.